थाई: काना दिसतो, तरी ऱ्हस्व का?

मुक्काम_बँकॉक:
इथे येऊन दीड वर्ष झालं. भाजीबाजारापुरती थाई येते, आता लिहायला शिकतेय. परवा लाँड्रीवाल्या मावशींना चिठ्ठी दिली: पांढरे शर्ट ४. मावशी वाचून विचारतात, "कोणाचे?" मी लिहिलं होतं 'त्याचे शर्ट ४'! 'पांढरा' आणि 'तो', माझ्या कानाला दोन्ही 'खाव'. पुस्तकात सूरही दोन्हींचा चढताच दिलाय.

'तो' लिहिताना ख च्या आधी ए ची खूण, नंतर काना. 'पांढरा'त ख, काना, मग व. काना दोन्हीकडे आहे, मग 'तो' ऱ्हस्व कसा? ('शर्ट' शब्दात तर स्वराने स ला डावीकडून, डोक्यावरून आणि उजवीकडून घेरलंय. पण ते पाठ केलं.)

बोरू_टाक:
आपल्या 'को'त काना आहे, पण 'का' ऐकू येतो का? मात्रेला जोडला की त्याचा स्वतःचा आवाज संपला. यादवकाळातल्या शिलालेखांत पृष्ठमात्रा दिसते: मात्रा अक्षराआधी, काना नंतर. थाईत मांडणी तीच, उच्चार मात्र 'औ'सारखा. आपल्या 'गौरव'चं थाईत 'खौरोप' झालं, अर्थ आदर. त्यातला 'खौ' याच खुणेने लिहितात. तेव्हा 'तो' म्हणजे खौ, झटक्यात. 'पांढरा' म्हणजे खाऽव. तिथला काना मोकळा आहे.

जाता जाता: स्वराला थाईत 'सरा' म्हणतात, आपलाच स्वर. तीच अक्षरं नुसतं 'स' वाचली की तळं!

आगाऊ_कार्टा:
खरी गोची कानाची आहे. मराठीत आपण ऱ्हस्व-दीर्घ नियम घोकून लिहितो, बोलताना कोण पाळतंय? थाईत लांबी चुकली की शब्दच बदलतो. दोन ओळी टाका, बघतो.

मुक्काम_बँकॉक:
घ्या, देवनागरीतच: 'वन नी रॉन माक. छन सक सअ खाऽव.' आज फार गरम आहे. मी पांढरे शर्ट धुतले. (धादांत खोटं. मावशींनी धुतले.)

आगाऊ_कार्टा:
खाऽव जमलं. 'माक'ही तसाच ओढा, 'सक' अजिबात नको.

मुक्काम_बँकॉक:
आणि 'थनोन', म्हणजे रस्ता? नुसती तीन व्यंजनं, स्वराची एकही खूण नाही. तरी आधी अ, मग ओ?

बोरू_टाक:
उघड्या अक्षरात न लिहिलेला अ, व्यंजनाने मिटलेल्यात ओ. 'गौरव'मधल्या 'रव'चा 'रोप' तसाच झाला.