तुतनखामुनची कबर रिकामी करायला दहा वर्षं का लागली?

वाळूघड्याळ: ४ नोव्हेंबर १९२२ ला इजिप्तमधल्या राजांच्या खोऱ्यात या प्राचीन राजाच्या कबरीची पहिली पायरी लागली, २६ तारखेला उत्खनन करणाऱ्या हॉवर्ड कार्टरने आत डोकावून पाहिलं. पण शेवटचं सामान कैरोला गेलं १९३२ मध्ये. खोल्या चारच, वस्तू साधारण ५,४००. वेळ नेमका कुठे गेला?

मणी_दोरा: उचलण्याआधी वस्तू पक्की करण्यात. मणीकामाची चप्पल दिसायला धड, पण आतला दोरा कुजलेला. हात लावला की सुटे मणीच उरणार. म्हणून जागेवरच स्पिरिटच्या स्टोव्हवर पॅराफिन मेण वितळवून त्यावर सोडायचं, दोन-तीन तास थांबायचं, मग ती अख्खी उचलायची. फुलांच्या गुच्छांवर सेल्युलॉइडच्या (एका जुन्या प्लास्टिकच्या) द्रावणाचे तीन-चार फवारे. हे सगळं फोटो, क्रमांक आणि नकाशावर नोंद झाल्यावर. पुढचं काम सेती दुसरा या राजाच्या कबरीत थाटलेल्या प्रयोगशाळेत. एक रंगीत पेटी रिकामी करायलाच तीन आठवडे गेले. तेवढ्यात कोरड्या हवेत तिचं लाकूड आकसलं, सांधे उघडले, रंगाखालचा लेप सुटायला लागला. मग तिलाही मेण.

खोदकाम_वही: त्यात दगडी शवपेटीभोवतीची एकात एक बसवलेली चार सोनेरी मखरं धरा. फळ्या सव्वादोन इंच जाड, वजनाला भारी, आणि भिंतीपर्यंतची जागा इतकी चिंचोळी की माणूस नीट वळतही नव्हता. लाकूड आकसल्यामुळे वरचा सोन्याचा लेप अधांतरी राहिलेला, जरा दाबला की तुटणार. फक्त हे सोडवायला ८४ दिवस. भागांवर प्राचीन सुतारांच्या खुणा होत्या, तरी उभारणाऱ्यांनी जोडणी उलटी केली होती: दारं पश्चिमेला हवी, ती पूर्वेला! शिवाय काम फक्त हिवाळ्यात, आणि १९२४ मध्ये सरकारशी वाद झाल्याने जवळपास वर्षभर बंद.

वाळूघड्याळ: आणि दगडी शवपेटीतल्या एकात एक ठेवलेल्या पेट्या एकमेकींना चिकटल्या होत्या, त्या कशा सोडवल्या?

मणी_दोरा: अंत्यविधीत ओतलेलं राळयुक्त तेल दगडासारखं घट्ट झालं होतं. आधी उन्हात ठेवून पाहिलं, ६५ अंशांपर्यंत तापलं, पण ढिम्म. मग दोन्ही पेट्या उंच आधारांवर पालथ्या ठेवल्या. सोन्याच्या पेटीला आतून जस्ताचे पत्रे लावले, बाहेरच्या लाकडी पेटीवर ओली ब्लँकेटं टाकली आणि खाली रॉकेलचे प्रायमस दिवे पूर्ण पेटवले. उष्णता ५०० अंशांच्या आसपास. सोनं १,०६४ अंशांना वितळतं, त्यामुळे ते सुरक्षित होतं. जपायचं होतं ते लाकूड आणि त्यावरचं काचेचं जडावकाम, म्हणून ब्लँकेटं सतत भिजती ठेवायची. कित्येक तासांनी पेट्या हलल्या. मग दिवे विझवून त्या तशाच टांगत्या ठेवल्या, तेव्हा कुठे हळूहळू सुटल्या. मुखवट्यात अडकलेलं ममीचं डोकं मात्र तापवलेल्या सुऱ्यांनी सोडवावं लागलं.