नारळीकरांना खुर्ची आणि धारपांना नुसते वाचक?

येळ्ळूरवाला: थंडी पडली की आमच्या बेळगाव भागात कडोली, येळ्ळूर, उचगाव, सांबरे अशी गावोगावची साहित्य संमेलनं सुरू होतात. यंदा एका सत्रात 'साहित्यिक जयंत नारळीकर' असा विषय घ्यायचं घाटतंय. माझा विरोध आहे.

शास्त्रज्ञ म्हणून त्यांना दंडवत. सव्विसाव्या वर्षी, १९६५ साली पद्मभूषण, पुढं पुण्यात आयुका ही खगोलशास्त्राची संस्था उभी केली. खरं कथाकार म्हणून? त्यांची पात्रं बोलत नाहीत, तास घेतात. बायकोनं चहा आणला की नवरा तिला गुरुत्वाकर्षण समजावतो. २०१४ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला तोही आत्मचरित्राला. २०२१ ला नाशिकच्या संमेलनाचं अध्यक्षपदही मिळालं. आणि नारायण धारप? भय, अद्भुत, विज्ञान, सगळं लिहून २००८ साली गेले. वाचनालयात त्यांच्या पुस्तकांची पानं सुटेपर्यंत लोकांनी वाचली, पण अध्यक्षपद काही मिळालं नाही.

उद्यमबाग_फौंड्री: नावाच्या जोरावर छापून आले म्हणायचंय काय? मग 'कृष्णविवर'चं काय करायचं? १९७४ ला मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत त्यांनी ती कथा 'नारायण विनायक जगताप' या नावानं पाठवली. ज. वि. ना. ही स्वतःचीच आद्याक्षरं उलटी केलेली. परीक्षकांना पत्ता नाही, तरी पहिलं बक्षीस. त्यावेळी ते केंब्रिजहून परतून मुंबईत टीआयएफआर या संशोधन संस्थेत होते, नाव सांगितलं असतं तर कोण नाही म्हणणार होतं? पुढच्या वर्षी कऱ्हाडच्या संमेलनात दुर्गाबाई भागवतांनी अध्यक्षीय भाषणात या नव्या प्रवाहाची दखल घेतली. दुर्गाबाई कुणाच्या पदव्या बघून बोलणाऱ्या नव्हत्या.

येळ्ळूरवाला: एका कथेनं कारकीर्द ठरत नाही हो. जगताप एकदाच जिंकले, त्यानंतरची सगळी पुस्तकं नारळीकरांच्या नावावर आहेत.

निपाणीकर_काका: धारपांची बाजू घेताय ती घ्या, खरं पूर्ण सांगा. 'लुचाई' स्टीफन किंगच्या 'सेलम्स लॉट'वरनं घेतलेली. परदेशी माल मराठी वाड्यात आणून बसवायची हातोटी जबरी होती, ते कबूल. रात्री वाचून परसात जायची भीती वाटायची बगा.

खानापूर_शाळा: मी मराठी शाळेत विज्ञान शिकवते. कृष्णविवराजवळ काळ मंदावतो हे पुस्तकातल्या परिच्छेदानं मुलांच्या डोक्यात शिरत नाही, नारळीकरांच्या कथेनं शिरतं. पात्रं कोरडी आहेत, मान्य. पण विज्ञानकथेत खरं पात्र कल्पनाच असते. ती लंगडी असेल तर कितीही हळवं लिहा, कथा उभी राहत नाही. येळ्ळूरवाले धारपांना ज्या मापानं मोजतात, त्या मापानं नारळीकर उणेच ठरणार. भीती घालणं हे त्यांचं कामच नव्हतं.

येळ्ळूरवाला: मॅडम, म्हणजे तुम्ही माझंच म्हणणं सांगितलं. ते शिक्षक म्हणून थोर. मग सत्राचं नाव 'विज्ञानप्रसारक नारळीकर' ठेवा, माझी तक्रार नाही.

टिळकवाडी_जुना: 'गंगाधरपंतांचे पानिपत' वाचलंय काय येळ्ळूरवाले? पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागत नाही, कानाजवळनं जाते, मराठे जिंकतात, आणि एक इतिहासाचा प्राध्यापक त्या दुसऱ्याच हिंदुस्थानात जाऊन पडतो. मुंबईत अजून कंपनी सरकार! ग्रंथालयात बसून तो शोधतो, फाटा कुठं फुटला. यात प्रसार कसला? ही सरळ कादंबरीकाराची नजर आहे.

आणि 'तसं झालं असतं तर' हा प्रश्न आपल्याइतका कुणाच्या घरचा आहे? १९४६ ला बेळगावातच साहित्य संमेलनात माडखोलकरांच्या अध्यक्षतेखाली संयुक्त महाराष्ट्राचा ठराव झाला, दहा वर्षांनी १ नोव्हेंबरला आपण म्हैसूर राज्यात, म्हणजे आताच्या कर्नाटकात. १९६७ ला सीमावादावर महाजन आयोगाचा अहवाल, २००४ पासून दावा सुप्रीम कोर्टात. इतके फाटे समोर असून आपल्या संमेलनांत अजून त्याच आवेशाच्या कविता. एकानं तरी लिहिलं असतं, की ठरावातली मागणी त्याच वर्षी मान्य झाली असती तर आज चन्नम्मा चौकात काय दिसलं असतं! मराठीत त्याची वाट नारळीकरांनी पाडून ठेवलीय.

उद्यमबाग_फौंड्री: हे मात्र आवडलं. फक्त त्यात सगळं गोड झालेलं दाखवू नका. पंतांनाही त्या जगात आझाद मैदानावर लोकांनी भाषण करू दिलं नाही, उचलून टाकलं.

येळ्ळूरवाला: पानिपताची कथा चांगली आहे, कल्पना म्हणून. त्यातही शेवटी एक मित्र येऊन क्वांटम समजावून सांगतोच. धारप असते तर पंतांना तिथंच सोडून आले असते, आणि आपल्याला झोप लागली नसती.

खानापूर_शाळा: समजावलं नसतं तर ती चेटूककथा झाली असती. त्यासाठी धारप आहेतच की.

निपाणीकर_काका: मग दोन्ही कथा वाचा की सत्रात, व्याख्यान कशाला? नारळीकर जेवणाआधी, धारप अंधार पडल्यावर.

येळ्ळूरवाला: अंधार पडल्यावर कविसंमेलन असतंय काका. कवी माईक सोडत नाहीत.