शक्ती-तुऱ्याचं 'मूळ' रूप कुठलं? गावच्या खळ्यातलं की मुंबईच्या रंगमंचावरचं?

लालबागची लेक

गणपतीत गावी काढलेला व्हिडिओ काकांना दाखवला. दोन मिनिटं बघून त्यांनी मोबाइल परत दिला. म्हणाले, "हा शक्ती-तुरा नाय. मूळ नाच आमच्या वेळेला होता. मुंबईनं घालवला तो." त्यावरून घरात बराच वाद झाला. माझं म्हणणं तिथे अर्धवट राहिलं, म्हणून इथे मांडते आहे.

ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. रत्नागिरी-रायगडात गणपतीच्या दिवसांत दारोदार, घरापुढच्या खळ्यात म्हणजे अंगणात होतो तो जाखडी नाच, म्हणजेच शक्ती-तुरा. मधे शाहीर आणि साथीदार ढोलकी, झांज, टाळ घेऊन बसतात. भोवती गडी पायांत चाळ बांधून रिंगण धरतात. गाण्याचे पक्ष दोन. शक्तीवाले मायेला, प्रकृतीला थोर मानतात, तुरेवाले शिवाला, पुरुषाला. गण होतो, गवळण होते, मग सवाल-जवाब सुरू होतात. घाटावर ह्याच वादाला कलगी-तुरा म्हणतात.

माझे आजोबा शक्तीवाले. लांज्याजवळच्या गावातून मुंबईला आले आणि लालबागच्या एका गिरणीत साचेवाले म्हणून लागले. राहायला गावकऱ्यांच्या मंडळाची खोली. पहिली पाळी, दुसरी पाळी, रातपाळी, तीन पाळ्यांची माणसं त्याच खोलीत आळीपाळीने झोपायची. श्रावण लागला की तालीम सुरू. पण कोपऱ्यात रातपाळीवाले झोपलेले, मग चाळ कसे बांधणार? आजोबा सांगायचे की ढोलकीचा ठेका पत्र्याच्या ट्रंकेवर बोटांनी धरायचा आणि पावलं अनवाणी टाकायची. रिंगणाला जागा नाही म्हणून चाळीच्या गॅलरीत एका रांगेत उभं राहून नाच बसवायचा. चाली कुठून यायच्या? शेजारच्या खोलीत साताऱ्याकडची मंडळी होती, त्यांच्याकडे तमाशातलं गाणं असायचं. खालच्या मजल्यावर भजन. रस्त्यापलीकडे इराण्याच्या हॉटेलात रेडिओ. आजोबांच्या वहीत प्रत्येक कवनाच्या वर 'चाल' म्हणून एक ओळ लिहिलेली आहे, आणि त्यातल्या कितीतरी ओळी सिनेमाच्या गाण्यांच्या आहेत.

१८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. दोन अडीच लाख कामगारांच्या घरांचं पुढे काय झालं ते सर्वांना ठाऊक आहे. वर्षभर वाट पाहून आजोबा गावी परतले. सोबत ट्रंक, आणि ट्रंकेत वही. गावातल्या पोरांना त्यांनीच शिकवलं, आणि त्या पोरांत माझे काका होते.

म्हणजे काका ज्याला 'मूळ' म्हणतात ते लालबागच्या गॅलरीत घडलेलं, संपाने गावी परत पाठवलेलं गाणं आहे. मग आज मुंबईतल्या हॉलमध्ये बारी, म्हणजे दोन पक्षांची जुगलबंदी, रंगते, बाई शाहीर म्हणून समोर उभी राहते, तेव्हा ती परंपरा कशी नाही? माझ्या मते प्रत्येक पिढी आपण पहिल्यांदा ऐकलं त्यालाच मूळ म्हणते. हे गाणं चाकरमान्यासोबत जात-येत राहिलं म्हणूनच टिकलं. तुम्हाला काय वाटतं?

वाशिष्ठीकाठ

ताई, आजोबांची वही वाचून बरं वाटलं. ती जपा. पण तुमचं म्हणणं मला मान्य नाही.

मी गावात राहतो आणि बावीस वर्षं ढोलकी वाजवतोय. चाल बदलली, मान्य. कुठल्या शाहिराने चाल उचलली नाही? माझा मुद्दा चालीचा नाहीच. नाच कुणाभोवती फिरतो, हा माझा मुद्दा आहे.

खळ्यातल्या नाचाला पुढची बाजू नसते. शाहीर मधे, नाचणारे भोवती, आणि त्यांच्याभोवती अख्खी वाडी. ओटीवर म्हाताऱ्या, पडवीत गणपती, उंबऱ्यावर पोरं. नाचणाऱ्याची पाठही कुणाला तरी दिसत असते. रंगमंचावर गेलात की शाहिराला बाजूला किंवा मागे बसवावं लागतं, नाचणारे प्रेक्षकांकडे तोंड करून ओळीत उभे राहतात, आणि रिंगण फुटतं. रिंगण फुटलं की ढोलकीचा ठेकाही बदलतो. फिरत्या पावलाला लागतो तो ठेका जागच्या जागी उडी मारणाऱ्याला चालत नाही. वाजवणाऱ्याच्या हाताला हे लगेच कळतं.

दुसरं म्हणजे वेळ. पूर्वी सवाल टाकला की जवाबाला रात्र असायची. जवाब देणाऱ्याने कुठलं पुराण, कितवा अध्याय ते सांगायचं, नाहीतर समोरचा सोडायचा नाही. माझ्या गुरूंनी एकदा पहाटे तीन वाजता घरून पोथी आणायला माणूस पाठवला होता, आणि पोथी येईपर्यंत सगळे थांबले. हॉलमध्ये तीन-चार तासांनी पडदा पाडावाच लागतो. मग पुराणातला अवघड सवाल विचारायचा कशाला? त्यापेक्षा टोमणा मारा, टाळी लगेच येते. शाहिरांची बुद्धी कमी झाली असं मी म्हणत नाही. तासाचं भाडं भरून पुराण उलगडता येत नाही, एवढंच.

भेदिक

कोल्हापूरकडून लिहितो. आमच्याकडे हीच परंपरा भेदिक शाहिरी म्हणून गातात. कलगीवाले आणि तुरेवाले. भेद सांगणारी, कोडं घालणारी लावणी.

'मूळ' शोधायचं तर कोकणात थांबून भागणार नाही. राजस्थानात चित्तोडच्या बाजूला तुर्रा-कलंगीचे खयाल, म्हणजे गाण्यातली लोकनाट्यं, होतात. तिकडची कथा अशी सांगतात की तुकनगीर नावाचा गोसावी आणि शाहअली नावाचा फकीर यांचा वाद रंगला आणि चंदेरीच्या राजाने एकाला आपला तुरा दिला, दुसऱ्याला कलगी. कथाच आहे, इतिहास म्हणून पुढे करत नाही. पण तिकडचा शिव-शक्तीचा वाद आणि आपला वाद एकच आहे, आणि तो फिरस्त्या गोसाव्या-फकिरांच्या तोंडून पसरला असणार हे मला पटतं. घाट उतरून तो कोकणात गेला, तिथे त्याला जाखडीचं रिंगण मिळालं. आमच्याकडे रिंगण नाही. आम्ही डफ-तुणतुणं घेऊन उभ्याने गातो. मग वाशिष्ठीकाठ, रिंगण हाच प्राण असेल तर आमचा कलगी-तुरा निष्प्राण म्हणायचा का?

वाशिष्ठीकाठ

@भेदिक: तसं मी म्हटलं नाही. तुमच्याकडे वाद आला, नाच आला नाही. आमच्याकडे दोन्ही एकजीव झाले. एकजीव झालेलं तोडून एक हिस्सा टाकला तर उरलेल्याला जुन्याच नावाने हाक मारू नये, एवढंच म्हणतोय.

कावेरीकाठची सून

माझं सासर तंजावर मराठी. व्यंकोजीराजांनी १६७५च्या सुमारास तंजावर घेतलं आणि पुढे १८५५ पर्यंत भोसल्यांचं घराणं तिथे होतं. त्या काळात मराठी माणसांसोबत कीर्तन गेलं, लावणी गेली. तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयात मराठी लावण्यांची बाडं आजही आहेत. पण मला सांगायचंय ते बाडांबद्दल नाही.

लग्नानंतर पहिल्याच वर्षी तंजावरजवळच्या एका गावी कामदहनाला गेले होते. साधारण आपल्या होळीच्या सुमाराचा सण. रात्री चौकात दोन गट समोरासमोर, हातात डफासारखं वाद्य, आणि तमिळमध्ये कडाक्याचा वाद. एक गट म्हणतो शिवाच्या तिसऱ्या डोळ्याने मदन जळाला, दुसरा म्हणतो जळालाच नाही. पुराणातले दाखले देत, एकमेकांना कोंडीत पकडत चाललेलं. नवऱ्याला विचारलं, ह्याला काय म्हणतात? तो म्हणाला, "लावणी."

मी पुण्याची. माझ्या डोक्यात लावणी म्हणजे नऊवारी, घुंगरू आणि शृंगार. तिथे ना नाचणारी बाई होती, ना शृंगार. मराठीचा एक शब्द नाही, गाणारे कुणी मराठी नाहीत. पण सवाल-जवाबाचा बाज पुरता शाबूत. शिवाचं नाव निघालं की दुसऱ्या बाजूने उसळून उठायचं, तेही तेच.

म्हणजे भाषा गेली, माणसं गेली, आणि इथे आम्ही शहरातले लोक विसरलो तो लावणीचा अर्थ तिथे राहिला. स्थलांतराने गाणं बिघडतं म्हणणाऱ्यांनी हे एकदा ऐकावं. मात्र वाशिष्ठीकाठ यांचं एक म्हणणं मला इथे खरं दिसतं. तमिळ लावणीला रात्र मिळते, चौक मिळतो. म्हणून तर वाद टिकला नसेल?

पाणंद

चर्चा चांगली चाललीय, पण एक गोष्ट कुणीच बोललं नाही. मुंबईने ह्या नाचाला नाव काय दिलं? 'बाल्या डान्स'. कानात बाळी घालणारा, साहेबाच्या आणि शेटजीच्या घरी भांडी घासणारा कोकणातला गडी, तो बाल्या. आमच्या कुणबी समाजातली हजारो माणसं त्या कामाला होती. माझे पणजोबा होते. नाव-गाव-घराणं असलेला माणूस मुंबईत उतरला की नुसता बाल्या व्हायचा, आणि तो जीव ओतून नाचायचा तो बाल्या डान्स.

त्यामुळे लालबागची लेक, तुम्ही मुंबईने दिलेल्या देणग्या मोजताय तेव्हा हेही त्यात धरा. आणि वाशिष्ठीकाठ, तुम्ही हॉलला नावं ठेवताय तेव्हा हे लक्षात घ्या की तिकीट काढून, खुर्चीत बसून, पुढच्या रांगेतून आमच्या माणसाला 'शाहीर' म्हणून टाळी पहिल्यांदा तिथे मिळाली. माझ्या वडिलांनी भिंतीवर फक्त एक फोटो लावला होता. हॉलच्या दाराबाहेर लागलेल्या फलकाचा, त्यावर त्यांचं पूर्ण नाव होतं.

रिंगण गेलं, वाईट वाटतं. पण खळ्यातल्या रिंगणात कोण आत, कोण खळ्याबाहेर उभं राहायचं, तेही आठवा. गाव इतकं निर्मळ नव्हतं.

दक्षिणवारा

नोकरीनिमित्त दोन वर्षं मॉरिशसला होतो. तिथल्या मराठी लोकांचे पूर्वज मुख्यतः कोकणातून, करारावरचे मजूर म्हणून उसाच्या मळ्यांवर गेले. ही मजुरांची भरती १८३४ला सुरू झाली. तिथे गणेशचतुर्थीला ते नाचतात त्याला 'झाकरी' म्हणतात. जाखडीच ती. घरात क्रिओल बोलतात, शाळेत इंग्रजी-फ्रेंच, पण झाकरीचे शब्द मराठी. एका आजींना मी ओळीचा अर्थ विचारला तर त्या हसून म्हणाल्या, अर्थ माझ्या आईला ठाऊक होता.

शक्तीवाले-तुरेवाले हे पक्ष मात्र मला तिथे ऐकू आले नाहीत. वाद मागे राहिला, पावलं पुढे गेली. कावेरीकाठच्या ताईंनी सांगितलं त्याच्या नेमकं उलट. मला वाटतं, वादाला समोरचा पक्ष लागतो आणि पुराण जाणणारा श्रोता लागतो. मळ्यावरच्या मूठभर माणसांना आपसात दोन तट पाडणं परवडलं नसेल. त्यांना एकत्र धरून ठेवणारं रिंगण पुरेसं होतं.

तिथल्या भोजपुरी बायकांच्या गीत-गवईला २०१६ मध्ये युनेस्कोच्या यादीत जागा मिळाली. बिहारमधल्या कुणी त्यांना 'हे मूळ नाही' म्हटलं तर त्यांना काय वाटेल?

लालबागची लेक

सगळ्यांचे प्रतिसाद काकांना वाचून दाखवले. पाणंद, तुमचा वाचताना ते मधेच उठून आत गेले. परत आल्यावर म्हणाले, "बाल्या म्हणायचे मलाबी." हे मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदा ऐकलं. तुमचा मुद्दा माझ्या हिशोबात नव्हता, तो असायला हवा होता.

वाशिष्ठीकाठ, वेळेबद्दलचं तुमचं म्हणणं मी मान्य करते. आजोबांच्या वहीत एक सवाल आहे, त्याला जवाबाची अकरा कडवी आहेत, शेवटच्या कडव्यात गुरूचं नाव. हॉलमध्ये ती अकरा कडवी मी कधीही पुरी ऐकली नाहीत. तीन होतात, चौथ्याला ऑक्टोपॅड सुरू होतो.

रिंगणाबद्दल मात्र मी हटणार नाही. रिंगण हॉलने फोडलं म्हणता, आजोबांचं गॅलरीत आधीच फुटलं होतं. तरीही गावी परत आल्यावर त्यांनी पोरांना गोलातच उभं केलं. तीस वर्षं ओळीत नाचलेल्या माणसाच्या पायांत गोल शिल्लक होता. म्हणून मला हॉलची भीती वाटत नाही.

वाशिष्ठीकाठ

आजोबांनी गोलात उभं केलं, कारण परतायला खळं होतं. आमच्या वाडीत आज सव्वीस घरं आहेत, त्यातली सतरा वर्षभर बंद असतात. पाच दिवसांसाठी उघडतात. नाचायला नऊ गडी जमतात, त्यातले चार विरारहून येतात आणि त्यांना ओळीतलाच नाच येतो. ते येतात म्हणून नाच होतो, हे मी नाकारत नाही. माझा राग त्यांच्यावर नाही. पुढच्या वेळी परतणाऱ्याला गोल कोण दाखवणार, ह्याची मला धास्ती आहे.

पाणंद, तुमच्या वडिलांच्या फोटोबद्दल वाचलं. खळ्याबाहेर उभं राहण्याबद्दलही. आमच्याही वाडीत ते होतं. ते परत यावं असं मी कधीच म्हणणार नाही.

ताई, त्या अकरा कडव्यांचा फोटो काढून पाठवा. आम्ही तुरेवाले आहोत, जवाब आमच्या विरुद्ध असणार, तरी चालेल. गौरी विसर्जनाच्या आदल्या रात्री आमच्याकडे बारी असते. काकांना घेऊन या. अकराच्या अकरा त्यांनी म्हणायची, ढोलकीला मी बसतो.