नळावरचा कोल्हा: छोट्या ॲनिमेशनमध्ये माणसाला चिमटा प्राण्यांच्या आडून काढावा का?

साखरपेठकर (धागाकर्ता)
माझं मत ठाम आहे. माणसाच्या वागण्यावर बोट ठेवायचं तर पाच मिनिटांच्या ॲनिमेशनमध्ये प्राणीच हवेत. सोलापुरात काही दिवसांआड पाणी येतं. त्यातही कुणीतरी नळाला थेट मोटार जोडतो आणि आवाज जाऊ नये म्हणून वर पोतं टाकतो. तो माणूस पडद्यावर दाखवला की लोक विचारणार, कुठल्या पेठेतला, कुणाचा? तिथं कोल्हा ठेवा. पोतं सारखं करताना त्याचे कान मागं वळू द्या. झालं, सगळं कळलं. सेकंदाला १२ चित्रं धरली तरी पाच मिनिटांना ३६०० लागतात. ती पात्राची ओळख करून देण्यात कशाला घालवायची?

विजापूरवेस
ओळख करून द्यावी लागत नाही, हीच तर अडचण आहे, दादा. कोल्हा दिसला की लबाड, गाढव दिसलं की मूर्ख. पंचतंत्रापासून हेच चालत आलंय. वीटभट्टीवर दिवसभर ओझं वाहणारं गाढव मूर्ख कुठल्या हिशेबानं? शिवाय कोल्ह्याला हसून प्रेक्षक मोकळा होतो. मोटार लावणाराच पहिल्या रांगेत बसून टाळ्या वाजवेल.

माळरान
यावर एक वाट आहे. ब्रिटिश ॲनिमेटर निक पार्क यांची १९८९ सालची ‘क्रिएचर कम्फर्ट्स’ ही छोटी फिल्म पाहा, ऑस्कर मिळालेली. खऱ्या माणसांना राहत्या जागेबद्दल बोलतं केलं आणि ते आवाज प्राणिसंग्रहालयातल्या प्राण्यांच्या तोंडी घातले. तिथं कुणी ठरलेला लबाड नाही, ठरलेला मूर्ख नाही. आपणही टँकरच्या रांगेत रेकॉर्डर घेऊन उभं राहू.

विजापूरवेस
आणि तेलुगू वळणाचं मराठी कुणाच्या तोंडी घालणार? म्हशीच्या? सोलापूरच्या पूर्व भागातल्या तेलुगू घरांतल्या पोरांना त्यावरून उद्या वर्गात ‘म्हैस’ म्हणतील. तुमचा विनोद होईल, त्यांच्या गळ्यात नाव पडेल.

साखरपेठकर
म्हणून बोलीवर हसायचंच नाही. कोल्हा, म्हैस, माकड, सगळे एकाच सोलापुरी ढंगात विचारू देत, ‘पाणी आलं का ओ?’ फरक फक्त मोटार कोण लावतो याचा. आणि टाळ्या वाजवणारा मला पहिल्या रांगेत हवाच आहे. माणूस दाखवणार म्हटल्यावर तो आलाच नसता.

विजापूरवेस
येईल, हसेल आणि घरी जाऊन बटण दाबेल. शेवटी पोतं उचलणारा हात माणसाचा काढा, मग मी तुमच्या बाजूनं.