जोडलेली शरीरं, वेगळं होण्याची किंमत

‘विज्ञान इतकं पुढे गेलंय, मग सयामी जुळ्यांना वेगळं का करत नाहीत?’ हा प्रश्न साहजिक आहे, पण सगळं अवलंबून असतं ते नेमकं काय जोडलेलं आहे यावर. यकृत सामायिक असेल तर ते विभागता येतं, कारण उरलेला भाग पुन्हा वाढतो. हृदय एकच असेल तर दोघांना वाचवणं जवळपास अशक्य.

डोक्याला जोडलेल्या इराणच्या लादन आणि लालेह बिजानी मला विसरता येत नाहीत. लादनला वकील व्हायचं होतं, लालेहला पत्रकार. दोघींचे मेंदू वेगळे, पण त्यातलं रक्त परत नेणारी मोठी शीर एकच. 2003 मध्ये सिंगापूरला, वयाच्या 29 व्या वर्षी, मांडीतली शीर काढून एकीसाठी नवा मार्ग बनवला गेला. पन्नासहून अधिक तास शस्त्रक्रिया चालली, आणि रक्तस्रावाने दोघीही गेल्या. धोका त्यांना माहीत होता, तरी निर्णय त्यांचाच होता. त्यांना वेडं ठरवणाऱ्यांचा मला फार राग येतो.

उलट अमेरिकेतल्या ॲबी आणि ब्रिटनी हेन्सेल. दोघींची डोकी वेगळी, धड एकच; प्रत्येकीचा ताबा शरीराच्या एकाच बाजूवर, तरी दोघी मिळून गाडी चालवतात, शाळेत शिकवतात. वेगळं व्हावंसं त्यांना वाटत नाही. तान्ह्या बाळांना मात्र कोणी विचारू शकत नाही. तिथे आईवडिलांवर किती भार येत असेल!