पोर्तुगीज पद्धतीची कोळंबी: वाईन कधी घालायची?

गंगापूररोडची सून: रविवारी नणंद-नंदावा जेवायला येताहेत. मधोमध कढई ठेवून सगळ्यांनी पाव बुडवून खायचा बेत आहे. मागच्या वेळी कोळंबी रबर झाली आणि लसूण कडू. सासूबाई काहीच बोलल्या नाहीत, तेच जास्त लागलं. नाशकात वाईनला तोटा नाही, पण ती घालायची कधी?

खवय्या_पंचवटी: लसूण तापलेल्या तेलात टाकलात ना? ऑलिव्ह तेल गार असतानाच लसणाचे काप आणि सुकी मिरची घाला, आच मंद. कडा सोनेरी झाल्या की कोळंबी, प्रत्येक बाजूने मिनिटभर. अर्धचंद्रासारखी वळली की काढा. वेटोळं झालं की वातड. मग त्याच तेलात अर्धी वाटी ड्राय व्हाइट वाईन. आटली की कोळंबी परत, वर लिंबू.

काटेकोर: आपल्याकडे येते ती बर्फातली. पाणी सोडते, आधी फडक्याने टिपून घ्या. डोकी फेकू नका, तेलात परतून काढा, खरी चव तिथे. कोथिंबीर बिनधास्त घाला, तिकडेही घालतात. हळद मात्र नको.

गंगापूररोडची सून: रंगीत तालमीसाठी पाव किलो आणली होती. सासूबाईंनी हळद-मीठ चोळूनही ठेवलं!

खवय्या_पंचवटी: मग आज कालवण करा.