मे महिन्यातील लग्नाच्या पत्रिका मुंबईकरांना केव्हा पाठवाव्यात? (मदत हवी आहे)

नमस्कार मंडळी,

माझ्या पुतणीचे लग्न यंदा, म्हणजे २०२६ च्या मे महिन्यात, संगमेश्वर तालुक्यातील आमच्या गावी घरच्या मांडवात करण्याचे ठरले आहे. १७ मेपासून अधिक ज्येष्ठ लागत असून तो १५ जूनपर्यंत आहे आणि त्यानंतर पाऊस दारात असेल. त्यामुळे दोन्हीकडच्या वडीलधाऱ्यांनी मेच्या पहिल्या आठवड्यातील मुहूर्त धरला आहे. याच कारणाने अनेकांची लग्ने त्या दोन-तीन आठवड्यांत आली असणार, हे सांगायला नकोच.

अडचण आहे ती आमंत्रणाच्या वेळेची. आमच्या भावकीतील निम्म्याहून अधिक कुटुंबे डोंबिवली, दिवा, विरार या भागांत राहतात आणि ती सर्व कोकण रेल्वेनेच येणार. नोव्हेंबर २०२४ पासून रेल्वेचे आरक्षण १२० ऐवजी ६० दिवस आधी खुले होते. म्हणजे ४ मेला निघणाऱ्या माणसाला ५ मार्चच्या सकाळी आठ वाजता तिकीट काढायला बसावे लागेल. मे महिन्याची मांडवी किंवा कोकणकन्या एक्स्प्रेस किती वेळात भरते, ते चाकरमान्यांना वेगळे सांगायला नको. त्यामुळे मार्च उजाडण्यापूर्वी त्यांना तारीख पक्की कळली पाहिजे, असे माझे मत आहे.

घरातील ज्येष्ठांना हे मान्य नाही. पहिली पत्रिका ग्रामदेवतेपुढे ठेवून गाऱ्हाणे (देवीला विनवणी) घातल्याशिवाय दुसरी कोणाच्याही हाती जाऊ नये, व्हॉट्सॲपवर तिचे छायाचित्रही नको, असा त्यांचा आग्रह आहे आणि तो मला मोडायचा नाही. परंतु मार्चच्या पहिल्याच आठवड्यात होळी येते. तेव्हा रूपे (देवीचे मुखवटे) लागून देवी पालखीत विराजमान असेल, पालखी सहाणेवर (ती ठेवण्याच्या चौथऱ्यावर) आणि पुढे घरोघरी असेल. अशा वेळी पत्रिका देवळात ठेवायची की पालखीपुढे, यावर आमच्याच घरात दोन मते आहेत. शिवाय फार आधी पत्रिका वाटल्या आणि मध्येच भावकीत सुतक आले तर तारीख बदलण्याची वेळ येईल, म्हणून पत्रिका तीन आठवड्यांहून आधी बाहेर पडू नयेत, असेही थोरल्या काकांचे म्हणणे आहे.

मला एक मार्ग सुचतो. शिमग्याला मुंबईची बहुतेक मंडळी गावात असतातच, तेव्हा फेब्रुवारीत पत्रिका छापून घेऊन त्यांना तिथेच हळदकुंकू लावून द्याव्यात. यात दोन महिने आधी आमंत्रण देणे विचित्र दिसेल का? आणि एवढ्या आधी दिलेली पत्रिका मेपर्यंत लोकांच्या लक्षात राहील का? ज्यांनी अलीकडे गावी लग्न केले आहे, त्यांनी कृपया अनुभव सांगावा.

प्रतिसाद १

तारीख कळवणे आणि आमंत्रण करणे ही दोन कामे आपण वेगळी करावीत, असे मला वाटते. आमच्याकडे राजापूर तालुक्यात गेल्या वर्षी हेच केले. घरातील वडीलधाऱ्या व्यक्तीने प्रत्येक कुटुंबाला स्वतः फोन करून "तारीख धरून ठेवा, तिकिटे काढा, आमंत्रण रीतसर येईल" एवढेच सांगितले. फोन वडीलधाऱ्यांनीच करावा, हे मुद्दाम सांगतो. तोच निरोप पुतण्याने गटावर टाकला असता तर अर्ध्या लोकांनी आपल्याला बोलावलेच नाही असे धरले असते.

परतीच्या तिकिटाचीही आठवण त्याच फोनवर करून द्यावी. त्याचे आरक्षण त्या तारखेच्या हिशेबाने नंतर खुले होते आणि लोक ते विसरतात. प्रतीक्षायादीतील तिकिटावर आता आरक्षित डब्यात बसता येत नाही, म्हणून "बघू पुढे" म्हणून चालणार नाही. छापील पत्रिका मुंबईत एप्रिलच्या पहिल्या पंधरवड्यात आणि वाडीतील घरोघरचे बोलावणे अक्षय्य तृतीयेनंतर, म्हणजे १९ एप्रिलच्या पुढे केले तरी पुरते. शिमग्यात पत्रिका वाटण्याच्या मी विरुद्ध आहे. पालखीच्या गडबडीत कोणाला दिली, कोण राहिला, याचा हिशेब राहत नाही, आणि राहिलेले घर ते पुढची दहा वर्षे ऐकवते.

प्रतिसाद २

देवीच्या बाबतीत गावाचे गुरव आणि मानकरी सांगतील तेच प्रमाण मानावे, कारण ही रीत दर गावाला बदलते. आमच्या गावी मात्र छापील पत्रिकेसाठी कोणी अडून राहत नाही. तारीख ठरली की देवीला नारळ ठेवून गाऱ्हाणे घालतात, तेच तिचे पहिले आमंत्रण, आणि त्यानंतर तोंडी सांगायला हरकत नसते. पत्रिका छापून आली की ती नंतर देवळात ठेवतात. हे आपण रूपे लागण्याआधीच उरकून घेतले, तर देऊळ की सहाण हा प्रश्नच उरणार नाही.

सुतकाची भीती खरी आहे, पण दोन महिन्यांच्या अंतरात आलेले दहा दिवसांचे सुतक लग्नाआधीच फिटते. धोका शेवटच्या पंधरवड्याचा असतो, आणि तो पत्रिका उशिरा वाटून टळत नाही.

मूळ प्रश्नकर्ता

दोघांचेही मनापासून आभार. नारळ आणि गाऱ्हाण्याची गोष्ट काकांना पटण्यासारखी आहे. गुरवांना विचारून फेब्रुवारीतच ते करून घेतो आणि फोन काकांनाच करायला सांगतो. एक शंका मात्र राहिली. मुलीचे मामा बडोद्याला असतात आणि त्यांना फोनवर सांगून भागणार नाही. वहिनी आणि मी मार्चपूर्वी स्वतः जाणार आहोत. पत्रिका तोवर छापलेली नसेल, तर नुसत्या अक्षता आणि सुपारी देऊन मामांचे आमंत्रण पुरे होते, की एप्रिलमध्ये पत्रिका घेऊन पुन्हा जावे लागते?